भिंगरी चुकते

भिंगरीने शिडीचा पाय धरून गदागदा हलवला. कर्ण्यातून वाजणाऱ्या गाण्यात आता नवऱ्याची ओळ येणार होती आणि शिडीवर चढलेल्या मास्तरांनी ती ओठांवर घ्यायची होती. ओळ आली. मास्तरांचे ओठ हलले नाहीत. हातातला पडदा छातीशी धरून ते वर टांगलेल्या दिव्यांकडे बघत उभे राहिले.

कॅमेरा चालू होता. भिंगरी दोन पायऱ्या चढली, पडद्याचं टोक ओढून तिने तो मास्तरांच्या डोक्यावरून खाली घेतला आणि त्यांचं तोंडच झाकून टाकलं. त्यांची ओळ पडद्याआडून वाजत राहिली. तिने पडद्याला कान लावला, ऐकलं, नाक मुरडलं आणि पुढच्या ठेक्यावर आपली ओळ उचलली.

"कट," दिग्दर्शक म्हणाला. पोरगेलासा होता, हसू आवरता आवरता त्याचा चष्मा घसरला होता. "हे पडद्याचं कधी ठरलं?"

"ठरलं कुठे? हाताला लागला, ओढला."

"राहू दे. असंच राहू दे."

मास्तर उतरू लागले. भिंगरी शिडीला टेकून उभी होती. शेवटच्या पायरीवर ते थांबले. पाय पुढे टाकावा की मागे, हे त्यांना कळेना.

"आता जमीन," ती ओठ न हलवता पुटपुटली.

त्यांनी खाली पाहिलं, मान डोलावली आणि उतरले.

अठरा चित्रपटांत ती दोघं नवरा-बायको झाली होती. नायक-नायिका बागेत गाणी म्हणत, त्यांच्यात गैरसमज होत, ते मिटत. मधल्या जागा ही जोडी भरून काढी. कधी ती खाणावळीची मालकीण असे, कधी घरमालकीण, कधी शिवणक्लासची बाई. मास्तर दर वेळी फक्त तिचा नवरा असत. ते काडीसारखे, ती चांगली ऐसपैस. पहिल्याच चित्रपटात एवढ्या अंगाने तिने एका पायावर सात गिरक्या घेतल्या होत्या आणि आठव्या गिरकीला पिठाच्या पिंपात जाऊन बसली होती. तेव्हापासून लोक तिला भिंगरी म्हणू लागले. खरं नाव तिला सही करण्यापुरतंच लागायचं.

गिरक्या, पडणं, अडखळणं, सगळं मास्तरांनी शिकवलेलं. सोळाव्या वर्षी ती त्यांच्या फिरत्या नाटक मंडळीत आली, तेव्हा मागच्या रांगेत उभी राहून चार जणींबरोबर गायची. एका प्रयोगात ती खरोखरच धडपडली आणि प्रेक्षक एकदम गप्प झाले. दुसऱ्या दिवशी मास्तरांनी तिला रिकाम्या रंगमंचावर उभं केलं.

"तू जमिनीकडे बघत पडलीस," ते म्हणाले. "त्याने बघणारा घाबरतो. समोर बघत पड. पडतेयस हे तुला अजून कळलेलंच नाही, असं पड."

सकाळपासून दुपारपर्यंत त्यांनी तिला पाडलं. गुडघे सोलून निघाले तेव्हा स्वतः औषध लावलं आणि दुसरी गोष्ट सांगितली, ती उत्तराची. समोरचा बोलला की लगेच तोंड उघडायचं नाही, आणि उशीर तर मुळीच करायचा नाही. मध्ये अर्धा श्वास जाऊ द्यायचा. हशा त्या अर्ध्या श्वासात असतो, वाक्यात फारसं काही नसतं, असं त्यांचं म्हणणं. तीस वर्षांत तिचा तो अर्धा श्वास कधी चुकला नव्हता. संकलनाच्या खोलीत तिच्या दृश्यांना कात्री फार लावावी लागत नाही, असं सगळे म्हणत.

मास्तरांचं बिघडायला लागलं त्याला सहा-आठ महिने झाले होते. आधी माणसांची नावं जाऊ लागली, मग संवाद. एकदा स्टुडिओच्या फाटकातून बाहेर पडून ते घराच्या उलट दिशेने चालू लागले आणि भिंगरीने मागून हाक मारल्यावर, आपण पाय मोकळे करायला निघालो होतो असं म्हणाले. त्या दिवशी ती त्यांना सोडायला घरी गेली. मास्तरांच्या बायकोने, वहिनींनी, दार उघडलं, मास्तरांना आत जाऊ दिलं आणि जिन्यात येऊन मागे दार लोटून घेतलं.

"इथेच बोलू. आत त्यांना ऐकू जातं."

"डॉक्टरांना दाखवलंत?"

"दाखवलं. वाढत जाणार म्हणाले." वहिनींचे हात ओले होते, ते त्या कोपरापर्यंत पुसत राहिल्या. "घरी असले की दिवसभर विचारतात, आज काम नाही का. दहा वेळा सांगते, अकराव्यांदा विचारतात. कामावरून आले की मात्र जेवतात, बोलतात, माणसात असतात. तुम्ही सावरून घेता ते मला कळतं. जमेल तितके दिवस घ्या. लोकांना कळू देऊ नका. एवढंच मागते."

"वहिनी, मागायचं काय त्यात?"

आणि भिंगरी सावरून घेऊ लागली. त्यांचे संवाद तिने आपल्या संवादांसारखे पाठ केले. ते अडले की ती त्यांचं वाक्य प्रश्न करून विचारी, त्यांनी नुसतं हो म्हटलं तरी भागे. कधी तिने त्यांना खुर्चीत ढकललं, कधी त्यांच्या तोंडात काहीतरी कोंबलं. युनिटमधल्या लोकांना वाटे, बाई हल्ली फारच रंगात आल्या आहेत.

त्या चित्रपटातलं त्यांचं शेवटचं दृश्य स्वयंपाकघराच्या सेटवर होतं. मास्तरांनी दारातून यायचं, "लाडके, मी आलो," म्हणायचं आणि भिंगरीने हातातला मोठा डाव उगारायचा. इतकंच.

मास्तर दारातून आले आणि चुलीपाशी थांबले. त्यांनी तिच्याकडे पाहिलं. तिचा एप्रन, तिच्या हातातला डाव, पुन्हा तिचा चेहरा. मास्तरांची नाटकातली सगळी तोंडं भिंगरीला माहीत होती. हे त्यांतलं एकही नव्हतं.

"बाई," त्यांनी अगदी अदबीने विचारलं, "आपण कोण?"

अर्धा श्वास आपोआप गेला आणि तोंड आपोआप उघडलं.

"हे लग्नाआधी विचारायचं असतं."

दिव्यांच्या मागे कुणीतरी फिस्सकन हसलं.

"मला घरी जायचंय," मास्तर म्हणाले.

"जा की. तिथेही मीच भेटेन."

तिने डाव ठेवला आणि त्यांचा हात धरून त्यांना वळवलं. ती दोघं दारातून बाहेर जाईपर्यंत दिवेवाल्यांनी तोंडात रुमाल कोंबले होते. दिग्दर्शकाने "कट" म्हटलं ते डोळे पुसत. मग टाळ्या झाल्या. टाळ्या ऐकताच मास्तरांची पाठ ताठ झाली, चेहऱ्यावर ओळख परतली. त्यांनी वाकून सगळ्यांना नमस्कार केला.

"जमलं ना?" त्यांनी तिला विचारलं.

"जमलं, मास्तर."

रंगपटात येऊन ती आरशासमोर बसली, पण रंग उतरवायला हात उचलला नाही. बाहेर पडताना तिच्या मनगटात मास्तरांची नखं रुतली होती, चार तांबडे वण उठले होते. रंगपटातल्या बाईने विचारलं, "ताई, लागलं का?"

"नाही. शॉट चांगला झाला."

तेच तिला खात होतं. शॉट खरंच चांगला झाला होता.

चित्रपट लागला. दुपारच्या खेळाला ती धाकट्या बहिणीला घेऊन गेली. बहीण शाळेत गणित शिकवायची, तिला सहसा हसू यायचं नाही. स्वयंपाकघराचं दृश्य आलं आणि "आपण कोण" म्हटल्यावर सगळं थिएटर उसळलं. बहीण खुर्चीच्या दांड्यावर हात आपटत हसत होती. भिंगरी पडद्याकडे बघत नव्हती, रांगांकडे बघत होती. म्हातारी माणसं हसत होती, मांडीवरची मुलंही हसत होती. पडद्यावर मास्तर म्हणाले, मला घरी जायचंय, आणि हशा इतका मोठा झाला की तिचं पुढचं वाक्य कुणाला ऐकूच आलं नाही.

"कसं गं करतात ते," बाहेर आल्यावर बहीण म्हणाली. "डोळे बघितलेस त्यांचे? आमच्या शाळेतले ते जुने शिपाई असेच बघायचे, शेवटी शेवटी." ती पुन्हा हसली आणि मग चालता चालता हसायची थांबली. भिंगरीकडे तिने एकदा पाहिलं. भिंगरी छत्रीचं बटण लावत होती.

महिन्याभरात ते वाक्य गावभर झालं. दुकानदार ओळखीच्या गिऱ्हाइकाला म्हणायचे, बाई, आपण कोण. भिंगरी दिसली की रस्त्यापलीकडून पोरं ओरडायची. आणि एका सकाळी शेठने तिला बोलावून घेतलं. शेठ म्हणजे कंपनीचे मालक. त्यांच्या टेबलावर नव्या चित्रपटाचं बाड होतं.

"सगळा चित्रपट त्याच्यावर," शेठ म्हणाले. "नवरा विसरतो. बायको विसरतो, घर विसरतो, आपण कोण ते विसरतो. गाणीसुद्धा त्यावरच. पहिल्यांदाच तुमची जोडी मुख्य."

तीस वर्षं तिने याची वाट पाहिली होती. पोस्टरच्या कोपऱ्यात तिचा चेहरा नेहमी बटणाएवढा असायचा.

"शेठ, मास्तर थकलेत."

"खरंच विसरतात, हो ना?" शेठनी शांतपणे विचारलं. "मला कळतं. इतकी वर्षं हाच धंदा केलाय. पण मला सांग, घरी बसून ते काय करणार? भिंतीकडे बघत बसणार. इथे चार माणसांत राहतील, टाळ्या ऐकतील."

हे वहिनीही म्हणाल्या होत्या. अर्थ तोच होता, तरी शेठच्या तोंडून ते निराळं वाटलं.

"आणि तुला नको असेल तर तसं सांग. दुसरी कुणी बघतो. मास्तर मात्र हवेत. त्यांनी सही केलीय."

मास्तरांच्या समोर कुणी दुसरी बाई उभी असल्याचं तिला दिसलं. मास्तर अडलेत आणि ती बाई दिग्दर्शकाकडे बघून खांदे उडवतेय.

"करते," ती म्हणाली.

नव्या चित्रपटाचा सेट म्हणजे तीन दारांचा दिवाणखाना. स्टुडिओतल्या त्या जागेवर पुढे दुसऱ्या कंपनीचा राजवाड्याचा सेट उभा राहायचा होता, तेव्हा चौदा दिवसांत काम उरकून जागा मोकळी करायची होती. पहिले चार दिवस बरे गेले. पाचव्या दिवशी दुपारी जेवण करून ती सेटवर आली तेव्हा सुतार मधल्या दारामागे विटांची खोटी भिंत उभी करत होते.

"मास्तरांना सांगू नका," दिग्दर्शक दबक्या आवाजात सगळ्यांना म्हणाला. "त्यांना सांगितलं की ते अभिनय करतात. नुसतं म्हणा, मधल्या दारातून बाहेर जा."

सकाळपर्यंत मधल्या दारातून बाहेर जाता येत होतं. मास्तरांनी डोक्यावर टोपी घातली, काठी घेतली आणि दार उघडलं. समोर विटा. त्यांनी दार लावलं, क्षणभर थांबले, पुन्हा उघडलं. विटांवर तळवा टेकवून पाहिला. मग त्यांनी टोपी काढली.

"माफ करा," ते भिंतीला म्हणाले, "चुकून आलो." आणि आवाज होऊ न देता दार लावून घेतलं.

भिंगरीचं वाक्य होतं: "मालक घरी नाहीत वाटतं?" तिने ते म्हटलं. ते जिथे पडायला हवं होतं तिथेच पडलं. शॉट संपला आणि अख्खा सेट हसला. मास्तर वळले. ते एकेकाच्या तोंडाकडे बघू लागले आणि मग तेही हसायला लागले, आधी थोडंसं. शेजारचा जास्त हसतोय असं पाहून मग जास्त. किती हसायचं ते त्यांना लोकांकडे बघून ठरवावं लागत होतं.

दुसऱ्या दिवसापासून भिंगरी चुकायला लागली.

तिला वाटलं होतं त्याहून ते कठीण निघालं. अंग ऐकेना. ठेका सोडायचा म्हटलं की पाय आपले ठेक्यावरच पडायचे. मनात एक, दोन असं मोजून, मुद्दाम दीडवर बोलायला लागायचं. शक्यतो ती मास्तरांच्या प्रवेशाआधीच चुके, म्हणजे त्यांना आत यावं लागणार नाही आणि खुर्चीत बसून राहता येईल. तेवढं जमलं नाही तर ते गोंधळायच्या आत ती उत्तर देऊन मोकळी होई. त्यांचा प्रश्न ऐकू यायच्या आधीच उत्तर आलं की कुणी हसत नसे. एकदा ती गिरकी घेताना थांबली आणि आता कुठल्या बाजूला पडायचं असं विचारलं. दिग्दर्शकाला वाटलं गंमत करतेय.

पहिल्या दिवशी सगळ्यांनी धीर दिला. कुणी सरबत आणून दिलं, कुणी म्हणालं, दृष्ट लागली. दुसऱ्या दिवशी एका वाक्याला तेवीस टेक झाले. तिसऱ्या दिवशी तिच्याशी कुणी काही बोलेना, आणि ती जवळून गेली की लोक आवाज खाली करत. कॅमेऱ्यामागचा माणूस, जो तिला पंधरा वर्षं ओळखत होता, काचेतून डोळा काढून जमिनीकडे बघत उभा राहिला. त्याच्याकडे बघून तिला एकदा वाटलं की हे सगळं सोडून द्यावं आणि एक वाक्य, एकच, नीट म्हणावं. तिने ते म्हटलं नाही.

मास्तर खुर्चीतून तिच्याकडे बघत असायचे. त्या दिवसांत ते फार बोलायचे नाहीत.

चौथ्या दिवशी फाटकावरच्या पहारेकऱ्याने तिला आत सोडलं नाही. आज तुमचं काम नाही म्हणाला, आणि तो स्वतःच ओशाळला. ती रस्त्यापलीकडच्या चहाच्या दुकानात बसून राहिली. तिथून फाटक दिसत होतं. तीनच्या सुमाराला रंगपटातली बाई धावत आली.

"दुसरी आणलीय," ती दम खात म्हणाली. "नाटकातली आहे. हुशार आहे, सगळं पाठ करून आली."

"आणि मास्तर?"

"उठून उभे राहिले, तिची विचारपूस केली. घरी सगळे बरे आहेत ना, असं. मग परत खुर्चीत जाऊन बसले. म्हणाले, आमच्या बाई आल्या की सुरू करू. सगळ्यांनी समजावलं. शेठनी समजावलं. सगळं ऐकून घेतात, मान डोलावतात आणि बसून राहतात. टोपी मांडीवर. सकाळपासून तसेच आहेत."

भिंगरीने कप बशीत ठेवला.

दुसऱ्या दिवशी तिला परत बोलावणं आलं. ती गेली आणि उरलेले दिवस पुन्हा चुकत राहिली. चौदाव्या दिवशी दुपारी सुतार आले आणि त्यांनी तिन्ही दारं उचकटून भिंतीला टेकवून ठेवली. चित्रपट अर्धाच राहिला. शेठ सेटच्या कडेला उभे होते. ते चिडलेले दिसत नव्हते.

"मला वाटलं त्यांचं बिघडलंय," ते म्हणाले. "बिघडलं तुझं. ताल गेला तुझा."

"होय शेठ."

"कशाने झालं?"

"कोण जाणे."

"मी कुणाला सांगणार नाही," शेठ म्हणाले.

आठवड्याभरात सगळ्या स्टुडिओंना कळलं. दोन चित्रपट ठरले होते, त्यांतला एक निरोप न देताच गेला, दुसऱ्याने माणूस पाठवून तिच्या मापाचा झगा परत नेला. एका सिनेसाप्ताहिकात तिचा गिरकी घेतानाचा जुना फोटो आला आणि खाली दोन ओळी, की फिरणारी वस्तू कधीतरी थांबायचीच. बहिणीने तो अंक शाळेत पाहिला होता, पण घरी आणला नाही. भिंगरीने कुणाला काही सांगितलं नाही. स्वतःबद्दल खरं सांगायचं तर आधी मास्तरांबद्दल सांगावं लागलं असतं.

सकाळी उठून ती पूर्वीसारखीच केस बांधायची, आणि मग कुठे जायचं नाही हे आठवून खिडकीशी बसायची. पंधरा-वीस दिवस असे गेल्यावर ती मास्तरांकडे गेली.

वहिनींनी दार उघडलं. त्यांनी तिचा हात हातात घेतला आणि बराच वेळ सोडला नाही. त्यांना किती कळलं होतं, ते त्यांच्या चेहऱ्यावरून समजत नव्हतं.

"आज बरे आहेत," त्या म्हणाल्या. "सकाळपासून तुमचंच नाव काढतायत."

मास्तर खिडकीपाशी आरामखुर्चीत होते. दाढी केलेली, सदऱ्याची बटणं गळ्यापर्यंत लावलेली. त्यांनी तिला लगेच ओळखलं.

"ये. बस. अगं, चहा टाक हिच्यासाठी," त्यांनी वहिनींना सांगितलं. वहिनी आत गेल्या. आतून भांड्यांचा आवाज येईपर्यंत ते थांबले आणि मग खुर्चीतून पुढे वाकले.

"कधीपासून होतंय?"

"काय, मास्तर?"

"माझ्यापासून कशाला लपवतेस? इतकी वर्षं तुला बघतोय. तू चुकणारी नाहीस." त्यांनी आवाज आणखी खाली आणला. "तुला आठवेनासं झालंय."

त्यांचे डोळे स्वच्छ होते. ते डोळे काळजीने तिच्यावर खिळले होते.

"घाबरू नकोस," मास्तर म्हणाले. "मी कुणाजवळ बोललो नाही. शेठ आला होता घरी, खोदून खोदून विचारायला. त्याला म्हटलं, बाईंचा काही दोष नाही. माझंच डोकं हल्ली चालत नाही, मीच सगळं विसरतो, म्हणून त्या गोंधळतात." ते गालात हसले. "साफ थाप मारली. पण पटलेली दिसली त्याला."

आतमध्ये कपाट उघडल्याचा आवाज आला.

"कशाला बोललात असं?" ती म्हणाली.

"मग काय करणार? माझं झालं सगळं करून. तुझं अजून वय आहे." त्यांनी तिच्या हातावर थोपटलं. "आता मी सांगतो ते कर. एक युक्ती आहे. सकाळी उठलं की कुणाशी बोलायच्या आधी करायची. खोलीच्या दारापासून सुरू करायचं आणि उजवीकडे फिरत जायचं. दिसेल त्या वस्तूचं नाव घ्यायचं, मोठ्याने. अडलं तर रडायचं नाही, परत दारापासून. मी रोज करतो."

"रोज?"

"सवय म्हणून," मास्तर घाईने म्हणाले आणि खिडकीबाहेर बघू लागले. मग पुन्हा तिच्याकडे वळले. "म्हण बघू."

"आत्ता?"

"आत्ता. मी आहे ना."

तिने दाराकडे पाहिलं. वहिनी दोन कप घेऊन उंबरठ्याशी आल्या होत्या आणि तिथेच थांबल्या होत्या.

"दार," भिंगरी म्हणाली. "खुंटी. कपाट. आरसा." मास्तर तिच्याबरोबर ओठ हलवत होते. "कोट. टेबल." टेबलावर काचेची एक वस्तू होती, तिच्यापाशी भिंगरी मनात एक, दोन मोजत थांबली.

मास्तरांनी घाई केली नाही. त्यांनी खुर्ची तिच्याजवळ ओढून घेतली.

"पेला," त्यांनी हळूच सांगितलं. "असू दे. होतं सुरुवातीला. परत दारापासून."

भिंगरीने परत दारापासून सुरुवात केली.